वजा दहिफळे

माळावरच्या होला पक्ष्यांची मोजदाद ठेवणाऱ्या होला-गणना केंद्राच्या प्रयोगशाळेत शुक्रवारी सकाळी डॉ. नसीमा पटवेकरनं काचेच्या बरणीतून मूठभर चिंचोके काढले, टेबलावर फेकले आणि कोणी नीट बघायच्या आत त्यांच्यावर आपली ओढणी टाकली.

"मॅडम, पटकन सांगा. किती?"

डॉ. अक्षता दहिफळे हसल्या. वय छप्पन्न, केंद्राच्या संचालिका, भिंतीवर तीन मानपत्रं, आणि ही मिरजेची पोरगी आपल्याशी चिंचोके खेळतेय! पण नसीमा त्यांची लाडकी होती. संख्याशास्त्रात तिच्या तोडीचं माणूस केंद्रात दुसरं नव्हतं.

"सदतीस," अक्षताबाई म्हणाल्या.

नसीमानं ओढणी उचलली. चोवीस निघाले.

"चुकलात ते सोडा. पण चाळीस का नाही म्हणालात?"

"चाळीस म्हटलं की ठोकून दिल्यासारखं वाटतं गं."

"आणि सदतीस म्हटलं की मोजल्यासारखं वाटतं!" नसीमानं टाळी वाजवली. "झालं! अख्खी निरीक्षक-निरास पद्धत तुम्हीच सांगून टाकलीत. मी उगाच दोन वर्षं डोकं फोडलं."

अक्षताबाईंच्या चेहऱ्यावरचं हसू जागच्या जागी राहिलं. त्यांनी चिंचोके गोळा करून बरणीत भरायला घेतले. हातांना काहीतरी काम हवं होतं.

"नीट सांग बघू," त्या म्हणाल्या.

"हे बघा. आपलं कर्णजाळं बसवून झाली सहा वर्षं. खांबावरचा कान माळावरचा होला ऐकतो, प्रत्येक होल्याचा स्वरठसा वेगळा ओळखतो, आणि सांगतो, आज इथं इतके होले. ठीक. पण तीस वर्षांपूर्वी किती होते? तेव्हा कान नव्हते, माणसं होती. त्यांच्या वह्या आहेत. आता वहीतला आकडा म्हणजे नुसता पक्षी नाही. आकडा म्हणजे पक्षी अधिक मोजणारा. एखादा लांबचा थवा फुगवून सांगतो. एखाद्याला बाभळीच्या सावलीतला होला दिसतच नाही. कोणी सोमवारी आळसावलेला असतो. एका माणसाच्या हजारभर नोंदी यंत्राला दिल्या की यंत्र त्या माणसाची खोड ओळखतं. मग ती खोड आकड्यातून वजा करायची. खाली उरतो तो पक्षी."

"आणि खाली काहीच उरलं नाही तर?"

अक्षताबाईंनी हे अगदी सहज विचारलं, निदान त्यांना तरी तसं वाटलं.

"तर मोजणारा मोजायला गेलाच नव्हता," नसीमा म्हणाली. "खरे पक्षी वेडेवाकडे येतात, मॅडम. आज शून्य, उद्या चाळीस, परवा परत शून्य. घरात बसून लिहिणाऱ्याला शून्य लिहायचा धीर होत नाही आणि चाळीस लिहायचाही होत नाही. तो बारा लिहितो, सतरा लिहितो, चौदा लिहितो. सांभाळून लिहितो. पण असं कोण करतंय! चार मैल चालायचं, एवढंच तर काम."

मग ती मुद्द्यावर आली. यंत्र एका ठिकाणी अडलं होतं. जिल्ह्यातले एकसष्ट निरीक्षक, वेगवेगळ्या गावांचे, वेगवेगळ्या वयांचे. पण यंत्राला ते वेगळे करता येईनात. यंत्र म्हणत होतं, हे एकसष्ट नव्हेत, हा एकच माणूस आहे. आणि तो माणूस होता निरीक्षक क्रमांक एक, मानक निरीक्षक, ज्यांच्या वह्या प्रमाण धरून बाकी सगळ्यांना मोजलं जात होतं. डॉ. अक्षता दहिफळे.

"मानकाला वजा करायची यंत्राला मुभा नाही. संचालकांची परवानगी लागते," नसीमा म्हणाली. "म्हणजे तुमची. सोमवारच्या सुनावणीआधी आकडे स्वच्छ करून घेऊ या म्हटलं."

"यंत्रात काहीतरी बिघाड असेल," अक्षताबाई म्हणाल्या. "परत चालव."

नसीमा मान डोलावून गेली. अक्षताबाईंनी बरणीचं झाकण लावलं, काढलं, परत लावलं.

आता सगळं सांगायलाच हवं. एकोणतीस वर्षांपूर्वी अक्षता सत्तावीस वर्षांची होती, पीएच.डी. करत होती आणि जतच्या बाजूला दोन माळांवर होले मोजत होती. एक थोरला माळ, आणि मधली खिंड ओलांडली की पल्याडचा माळ. होला सूर्य उगवल्यावर पहिले दोन तास घुमतो, तेव्हाच तो मोजायचा; आणि एकच पक्षी दोनदा मोजला जाऊ नये म्हणून दोन्ही माळ एकाच वेळी चालायचे. म्हणून मोजणारे दोघे. थोरल्या माळावर म्हाळाप्पा कोळेकर, तिथलाच मेंढपाळ. त्याला लिहिता येत होतं, पण चालताना वही सांभाळणं जमेना. म्हणून तो उजव्या खिशात चिंचोके भरायचा आणि होला दिसला की एक चिंचोका डाव्या खिशात टाकायचा. फेरी संपली की डावा खिसा मोजायचा. पुढे सगळ्या जिल्ह्यानं ही रीत उचलली. पल्याडच्या माळावर अक्षता.

म्हणजे कागदावर अक्षता. पहिल्या दिवशी ती खिंडीच्या पायथ्यापर्यंत गेली. खिंड उभी, निवडुंगानं भरलेली, आणि गारठा असा की बोटं वळेनात. पायथ्याला एक हिवराचं झाड होतं. उद्या जाऊ म्हणून ती झाडाखाली बसली, थर्मासमधला चहा प्याली आणि वहीत लिहिलं, अकरा. दुसऱ्या दिवशी लिहिलं, चौदा. तिसऱ्या दिवशी तिला वाटलं, आज एकदम तेवीस शोभतील का? शोभणार नाहीत. मग तिनं सतरा लिहिलं. कोणी धाक घातला नव्हता, ती आजारी नव्हती, घरी कसली अडचण नव्हती. कंटाळा आला होता, बस्स! मोठ्या गुन्ह्याला निदान सांगण्याजोगं कारण तरी असतं. हे कारण कोणाला सांगणार? दोन हिवाळे ती त्या हिवराखाली बसली.

त्याच दोन हिवाळ्यांत म्हाळाप्पाचे आकडे उतरायला लागले. चाळीस, एकतीस, तेवीस. मार्गदर्शक सर म्हणाले, "होला असा हवेत विरत नाही, अक्षता. कुठंतरी गेला असणार. तुझ्या माळावर बघ." तिनं बघितलं. म्हणजे म्हाळाप्पाची वही बघितली, आणि थोरल्यावर जितके घटले तितके पल्याड वाढवले. सर खूश झाले. प्रबंध झाला, पुस्तक झालं, आणि तिच्या शोधाला तिचंच नाव मिळालं: दहिफळे सरक. एका माळावरचे होले कमी झाले म्हणजे ते मेले असं नव्हे, ते शेजारच्या माळावर सरकले.

लोकांना हे फार आवडलं. आवडणारच की! कोणाचंच काही चुकत नव्हतं. पुढे त्याचा नियम झाला, सरक-नियम: बारा किलोमीटरच्या आत दुसरा माळ असेल तर पहिला माळ खुशाल वापरा, होले सरकतील. या नियमाखाली आजवर एकेचाळीस माळ गेले होते. हा आकडा अक्षताबाईंना पाठ होता. त्यांच्या सगळ्या आकड्यांत हा एक खरा होता.

सोमवारी अकरा वाजता जतला बेचाळिसाव्या माळाची सुनावणी होती. थोरल्या माळाची. कर्णजाळ्याला तिथं अजून एकोणीस होले ऐकू येत होते. माळभर विजेसाठी सूर्यपत्रे अंथरायचे होते, आणि होल्यांचं काय या प्रश्नाला अर्जात एका ओळीचं उत्तर होतं: पल्याडच्या माळावर सरकतील. पल्याडच्या माळावर कर्णजाळ्याचा एकही कान बसवलेला नव्हता. गरजच काय? तिथले होले पुस्तकात होते.

शनिवारी नसीमा आली ती हसत आली नाही. खुर्चीवर बसली, चष्मा काढला, परत घातला.

"यंत्र ठीक आहे, मॅडम. तीनदा चालवलं."

"बरं."

"एकसष्ट माणसं एकमेकांची नक्कल कशी करतील ते मला कळेना. मग मोजणीचा छापील तक्ता काढून बघितला. त्यात 'अपेक्षित संख्या' असा रकाना आहे. दहिफळे सरकेवरून काढलेली संख्या आधीच छापून येते. माणूस माळावर जातो, त्याला चार होले दिसतात. तक्त्यावर छापलंय सेहेचाळीस. त्याला वाटतं, आपलंच काहीतरी चुकलं. तो त्रेचाळीस लिहितो." ती थांबली. "ही माणसं खोटारडी नाहीत. त्यांनी स्वतःच्या डोळ्यांपेक्षा तुमच्यावर जास्त विश्वास ठेवला. हा रकाना घातला कोणी, मॅडम?"

"मी," अक्षताबाई म्हणाल्या. बावीस वर्षांपूर्वी, केंद्राची सूत्रं हातात आल्या आल्या. लोकांच्या चुका कमी व्हाव्यात म्हणून. नव्या रकान्याला जागा व्हावी म्हणून 'शेरा' हा जुना रकाना त्यांनी काढून टाकला होता.

"आणि तुमच्या पीएच.डी.च्या वह्या," नसीमा खाली बघत म्हणाली. "दोन माळांची बेरीज दोन वर्षं बावन्नच्या आसपास आहे. रोज. थोरल्यावर पाच घटले की पल्याड पाच वाढतात." तिचा आवाज बारीक झाला. "होल्यांना बेरीज येत नाही, मॅडम."

तिला कळलेलं होतं. तरीही ती बिचारी अजून दार उघडं ठेवून बसली होती. अक्षताबाईंनी काहीतरी पटेलसं सांगावं आणि आपण ते मानून टाकावं अशी वाट बघत होती. सांगता आलं असतं. एकोणतीस वर्षं त्यांनी तेच तर केलं होतं. पण समोर ही पोरगी कानकोंडी होऊन बसली होती. ज्यानं लाजायचं तो ताठ बसलाय आणि लाजतेय ही, हे अक्षताबाईंना सोसलं नाही.

"मी पल्याडच्या माळावर कधी गेलेच नाही," त्या म्हणाल्या.

"म्हणजे नेमानं नाही गेलात?"

"एकदाही नाही. मी तो माळ बघितलेला नाही, नसीमा."

अक्षताबाईंचे कान तापले, मान तापली, धरणीनं पोटात घेतलं तर बरं असं झालं. भिंतीवरची मानपत्रं त्यांच्या पाठीमागे होती, पण तीही आपल्याकडेच बघताहेत असं त्यांना वाटलं. शिवी तरी दे गं बाई, त्या मनात म्हणाल्या. नसीमानं पाण्याचा पेला त्यांच्याकडे सरकवला.

"वजा कर," अक्षताबाई म्हणाल्या. "परवानगी आहे. दहिफळे वजा कर."

पडद्यावर जिल्ह्याचा नकाशा होता, सव्वीस-सत्तावीस वर्षांच्या होल्यांनी भरलेला, हिरव्या ठिपक्यांनी गच्च. नसीमानं आज्ञा दिली. एकेक तालुका पांढरा होत गेला. गणनेची इतकी वर्षं, इतकी माणसं, इतके हिवाळे, आणि खाली पक्षी उरेना. शेवटी नकाशाच्या कोपऱ्यात दोन ठिपके तेवढे राहिले.

"हा कोण?" नसीमा पुढे वाकली. "कोळेकर, म्हाळाप्पा. याची खोड जवळजवळ शून्य आहे! असा माणूस असू शकत नाही असं आम्ही शिकवतो. थोरल्या माळाचे आकडे घसरत आलेत, वेडेवाकडे, अगदी खऱ्यासारखे. आणि पल्याडच्या माळावर... तुमच्यानंतर तोही याच्याकडेच गेला ना, एका दिवसाआड चालायला? सहा. दोन. शून्य. एक. शून्य, शून्य, शून्य. पण या वह्या 'संशयित' कप्प्यात कशा? कोणी टाकल्या?"

"मी."

नसीमानं त्यांच्याकडे बघितलं आणि परत पडद्याकडे वळली. मग तिचा हात थांबला.

"अरेच्चा! तीन वर्षांपूर्वी हाही बदलला. पल्याडच्या माळावर एकदम सत्तेचाळीस, एकेचाळीस, चव्वेचाळीस. यंत्र म्हणतंय, इथून पुढे हा कोळेकर नाही. इथून पुढे हाही तुम्हीच. बासष्टावा."

असं का झालं ते यंत्राला सांगता येत नव्हतं. अक्षताबाईंना येत होतं. म्हाळाप्पाला त्यांनी दोन पत्रं पाठवली होती, दोन्ही त्यांच्या सहीची. पहिलं अकरा वर्षांपूर्वी: आपल्या पल्याडच्या नोंदी अपेक्षित संख्येशी जुळत नाहीत, कृपया डोळे तपासून घ्यावेत. दुसरं तीन वर्षांपूर्वी: नोंदी अशाच येत राहिल्यास मोजणीची रेघ, म्हणजे चालण्याची नेमलेली वाट, आपल्याकडून काढून घेण्यात येईल.

रविवारी दुपारी त्या म्हाळाप्पाच्या वस्तीवर पोचल्या. सत्तरीचा म्हातारा दारातल्या लिंबाखाली लोकर पिंजत बसला होता. डोक्याला पटका, डोळ्यांना जाड भिंगांचा चष्मा. मोटारीतून उतरणाऱ्या बाईला त्यानं क्षणभर न्याहाळलं आणि तो धडपडत उठला. त्याचा चेहरा उतरला.

"ताई, तुमी? सवता आलाय व्हय!"

"म्हाळाप्पा, मला तुमच्याशी बोलायचं आहे."

"ठावं हाय मला कशापाई आलाय ते." तो घरात गेला आणि वह्यांचा गठ्ठा आणि दोन मडकी घेऊन बाहेर आला. मडकी त्यानं त्यांच्या पायाशी ठेवली. "कवा ना कवा कुनीतरी येनार ह्ये म्हाईत हुतं. पर तुमी याल आसं वाटलं न्हवतं. म्या खोटं लिव्हलं, ताई. तीन वर्सं."

"म्हाळाप्पा, ऐका—"

"न्हाई, मला बोलू द्या. न्हाईतर धीर हुयाचा न्हाई." तो उभाच होता, शाळेतल्या पोरासारखा हात पुढे धरून. "पैलं पत्र आलं, डोळं तपासा म्हनून. म्या तालुक्याला गेलो. डाक्टर म्हनला, डाव्या डोळ्यात मोतीबिंदू हाय, उजवा बरा हाय. म्या म्हनलं, दोन्ही करा. ताईंनी लिव्हलंय म्हंजी दोन्हीतबी कायतरी आसनार. उजवा बिघाडला त्यात. आता कडंकडंचं दिसतंय तेवढं. तरीबी पल्याड होला काय दिसंना. म्या शून्यच लिव्हत ऱ्हायलो. मग दुसरं पत्र आलं, रेघ काढून घिऊ म्हनून. पल्याड सव्वीस वर्सं चालतोय, ताई. रेघ काढली तर सकाळचं उठून जायाचं कुटं? कागदावर छापल्यालं हुतं पंचेचाळीस. म्या सत्तेचाळीस लिव्हलं. रातभर झोप न्हाई आली. मला माफ करा."

आणि तो वाकून त्यांच्या पायांना हात लावायला आला.

अक्षताबाई विस्तवावर पाय पडावा तशा मागे सरल्या. त्यांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. घरापासून इथवर दोन तास त्या एकच वाक्य घोकत आल्या होत्या, आणि या माणसानं ते वाक्य त्यांच्या आधी उच्चारलं होतं. तीन वर्षं खोटं लिहिलं म्हणून. झोप आली नाही म्हणून. हिवराखाली त्यांना तर छान डुलकी लागायची.

"या मडक्यांत काय आहे?" त्यांनी कसंबसं विचारलं.

"खरं हाय त्ये." म्हाळाप्पा डोळे पुसत म्हणाला. "कागदावर खोटं लिव्हलं, पर चिंचोका कसा खोटा टाकायचा? ज्या दिशी जेवढं दिसलं तेवढं घरी यिऊन मडक्यात टाकलं. ह्ये थोरल्याचं. ह्ये पल्याडचं."

थोरल्याचं मडकं गळ्याच्या खालपर्यंत भरलेलं होतं. अक्षताबाईंनी पल्याडच्या मडक्यात हात घातला. कोपरापर्यंत घातला, बोटांनी तळ चाचपला. मातीचा खरखरीत तळ तेवढा हाताला लागला.

बोलायचं ते आताच बोलायला हवं होतं. अखेर त्या भलतंच काहीतरी बोलल्यासारख्या म्हणाल्या, "म्हाळाप्पा, उद्या सकाळी मला पल्याडच्या माळावर न्याल का?"

"न्यायाचं काय त्यात? तुमच्याच पायाखालची वाट ती."

"मला वाट माहीत नाही."

म्हाळाप्पा त्यांच्याकडे बघत राहिला. डाव्या डोळ्यानं. एवढ्या वेळात पहिल्यांदाच तो खाली बसला. लोकर पिंजायची काठी त्यानं उचलली, मांडीवर आडवी धरली, पण पिंजायला घेतली नाही.

"म्हंजी तवा..." तो म्हणाला.

"तेव्हाही नाही. कधीच नाही. मी खाली हिवराखाली बसून लिहीत होते. तुमची वही बघून."

लिंबावर कावळा ओरडत होता. म्हाळाप्पानं काठी खाली ठेवली.

"ताई, येक डोळा बरा हुता माजा," म्हाळाप्पा म्हणाला.

अक्षताबाईंना रडायला येत होतं, पण इथं रडणं म्हणजे या माणसाकडूनच समजूत काढून घेणं. तेवढी लाज त्यांना शिल्लक होती.

"मग आमचं होलं गेलं कुटं?" त्यानं विचारलं. "थोरल्याचं होलं? तुमी पुस्तकात लिव्हलं हुतं पल्याड गेलं. म्या सव्वीस वर्सं धुंडलं की वो."

"कुठंच गेले नाहीत, म्हाळाप्पा. मेले."

त्यानं वह्यांचा गठ्ठा पुढे ओढला, एक जुनी वही काढली आणि अगदी डोळ्यांजवळ नेऊन पानं उलटली. मग बोट ठेवून वही त्यांच्यापुढे धरली. रकाने संपल्यावर कडेला जी चिंचोळी कोरी जागा उरते, तिथं बारीक अक्षरात लिहिलेलं होतं: *पेरणीचे दिस. बांदाला आठ होलं मेल्यालं. बी लाल रंगाचं, औषध लावल्यालं.* दुसऱ्या पानावर: *पाच मेल्यालं.* पुढच्या वर्षी: *अकरा. पोटात लाल बी.*

"शेऱ्याचा रकाना ऱ्हायला न्हवता," म्हाळाप्पा म्हणाला. "म्हनून कडंला लिव्हलं."

केंद्राचं यंत्र फक्त रकाने वाचत होतं. बावीस वर्षांच्या वह्यांच्या कडा त्यानं कापून टाकल्या होत्या. मेलेले होले तिथं होते, मोजलेले, तारखेसकट, कारणासकट.

"ह्ये उंद्या सांगनार तुमी? सायबांम्होरं?"

"सांगणार. या वह्या आणि ही मडकी द्याल का मला?"

"देईन. म्याबी येतो." मग थोड्या वेळानं तो म्हणाला, "नाव जाईल तुमचं."

"हो."

"जाऊ द्या," म्हाळाप्पा म्हणाला. ते धीर देण्यासाठी म्हटलेलं नव्हतं, आणि अक्षताबाईंना ते त्यातल्या त्यात बरं वाटलं. मग तो उठला आणि चुलीपाशी जाऊन सुनेला म्हणाला, पाहुण्यांना च्या टाक.

सोमवारी उजाडता उजाडता दोघं खिंड चढत होते. पायथ्याचं हिवर अजून होतं, चांगलं दाट झालं होतं. अक्षताबाईंनी मान वर केली नाही. चढण त्यांना वाटलं होतं तेवढी उभी नव्हती. वीस मिनिटांत त्या वर पोचल्या. वीस मिनिटं! छप्पन्नाव्या वर्षी, गुडघे दुखत असताना. सत्ताविसाव्या वर्षी किती लागली असती?

पल्याडचा माळ समोर उघडा पडला. पिवळं कुसळी गवत, मध्ये मध्ये बाभळी, लांबवर एक पाझर तलाव. पुस्तकात त्यांनी या माळाचं वर्णन केलं होतं, त्यात बोरीची बनं होती. इथं एकही बोर नव्हती.

म्हाळाप्पानं त्यांना पन्नास चिंचोके मोजून दिले. त्यांनी ते उजव्या खिशात टाकले, आणि सूर्य वर आल्याबरोबर दोघं रेघेवरून चालायला लागले. चालायचं, शंभर पावलांवर थांबायचं, कान द्यायचा, परत चालायचं. चंडोल बोलले. तित्तिर ओरडला. एका बाभळीत काहीतरी हललं तेव्हा अक्षताबाईंचा हात आपसूक खिशात गेला. तो बुलबुल निघाला. दुसऱ्या तासाला तर त्यांच्या मनात येऊन गेलं, एक तरी लिहावा. अगदीच शून्य कसं दिसेल? सवय जाते होय अशी! त्यांची त्यांनाच शिसारी आली. त्यांनी हात खिशातून काढला आणि पाठीमागे बांधून चालल्या.

दोन तास संपले. उजव्या खिशातले चिंचोके त्यांनी दगडावर ओतून मोजले, एकेक करून, म्हाळाप्पासमोर. पन्नास.

तक्त्यावर अपेक्षित संख्या छापलेली होती, सेहेचाळीस. त्यापुढच्या चौकोनात त्यांनी शून्य लिहिलं आणि खाली सही केली. म्हाळाप्पानं शेजारी आपलं नाव लिहिलं. पल्याडच्या माळाची अक्षता दहिफळे यांनी केलेली ही पहिली नोंद. संध्याकाळी नसीमाचं यंत्र या नोंदीतूनही दहिफळे वजा करणार होतं. करू दे. वजा करून उरायचं ते शून्यच उरणार होतं.